सहीचा नमुना

मोठेबाबांनी दावा लावायला होकार दिला तो एका अटीवर. साहेब, म्हणजे न्यायाधीश, राजुऱ्याचा पाहिजे. मनात आलं तर दुपारच्या एसटीनं येऊन विहीर बघून संध्याकाळी परत जाईल, असा साहेब. त्यांचं कायद्याचं ज्ञान एवढंच होतं, आणि माझ्या मते ते पुरेसं होतं.

मोठेबाबा म्हणजे माझ्या वडिलांचे थोरले भाऊ. गडचांदूरजवळ, चुनखडीच्या खाणींच्या कडेला आमचं गाव. गावच्या विहिरीवर आमच्या लोकांना पाणी भरू देत नसत त्या काळात आजोबांनी स्वतःच्या शेतात विहीर खणली आणि ती सगळ्या वस्तीला मोकळी ठेवली. पुढे बंदी गेली, गावात हापशी आली, पण हापशीच्या पाण्यात डाळ शिजत नाही म्हणून बाया आमच्याच विहिरीवर येत. नव्वदच्या दशकात सिमेंटची धूळ इतकी वाढली की कडुनिंबाची पानं वर्षभर राखेच्या रंगाची दिसायची. विहिरीचं पाणी मात्र गोड राहिलं. गावातले बाकीचे लोकही मग लोटा घेऊन येऊ लागले, आणि मोठेबाबांना त्याचा फार गमतीदार अभिमान होता. ज्यांच्या बापानं आमच्या बापाला हाकललं ते आता आमच्याकडे पाणी मागतात, असं ते सांगत आणि स्वतःच दोर ओढून देत.

मी तेव्हा नुकतीच सनद घेऊन चंद्रपूरला एका जुन्या वकिलांच्या हाताखाली लागले होते. लाकडाच्या व्यापारातल्या मुसलमान घरातला हा माणूस, सगळे त्यांना नुसतं वकीलसाहेब म्हणत. शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये, हे ते प्रत्येक नव्या पक्षकाराला सांगत आणि मग वकालतनामा पुढे करत. माझ्या कडक जिभेवर त्यांचा जीव होता. म्हणायचे, बेटा, ही जीभ जिल्हा कोर्टापर्यंत ठीक आहे, नागपूरला जाताना घरी ठेवून येत जा.

भानगड झाली ती अशी. चुनखडी काढण्याआधी वरची माती काढावी लागते आणि ती कुठेतरी टाकावी लागते. खाणीच्या कंपनीचा एक दलाल गावात फिरत होता. मोठेबाबांनी त्याला नाल्याकडचा पडीक तुकडा दोन वर्षं माती टाकायला दिला. मराठीत एक पानी कागद झाला, त्यावर त्यांनी सही केली, तो कागद आणि सातबाऱ्याची नक्कल दलाल घेऊन गेला. वर्षभरात मातीचा ढीग पडीक तुकडा ओलांडून धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, आला आणि धुऱ्यावरून विहिरीकडे सरकू लागला. मोठेबाबा ट्रकपुढे उभे राहिले तेव्हा कंपनीच्या माणसानं एक जाडजूड इंग्रजी करार दाखवला. त्यात सगळं शेत होतं, विहिरीसकट, तीस वर्षांसाठी.

असा करार आपण पाहिलासुद्धा नाही, असं मोठेबाबा म्हणाले. आम्ही राजुऱ्याला दावा लावला आणि दाव्याचा निकाल लागेपर्यंत धुऱ्याच्या आत ट्रक नको, असा तात्पुरता मनाई हुकूम मिळवला. त्या दिवशी मोठेबाबांनी सगळ्या बाररूमला चहा पाजला. आपण जिंकलो असंच त्यांना वाटलं. मलाही वाटलं, खोटं कशाला बोलू.

पुढच्या तारखेला कंपनीचा वकील नागपूरहून आला आणि त्यानं एक अर्ज दिला. इंग्रजी कराराच्या मधल्या एका पानावर एक कलम होतं: काही वाद झाला तर कोर्टात जायचं नाही, लवादाकडे जायचं. लवाद म्हणजे दोन्ही बाजूंनी आधीच कबूल केलेला पंच. इथे पंच नेमणार कंपनी, आणि तो बसणार हैदराबादला. नवा कायदा नुकताच आला होता आणि तो सांगत होता की असा करार असेल तर कोर्टानं हात आखडता घ्यावा आणि पक्षकारांना लवादाकडे पाठवावं.

कायदा वाईट नाही. दोन व्यापाऱ्यांनी डोळे उघडे ठेवून पंच ठरवला असेल तर कोर्टानं मध्ये का पडावं? पण घोडं पेंड खातं ते एका ठिकाणी. करारच झाला नाही, सही खोटी आहे, असं एक बाजू म्हणाली तर? ते कोण तपासणार? तेव्हा दोन मतं होती. काही न्यायाधीश म्हणत, आधी आम्ही बघतो, करार दिसला तर पाठवतो. काही म्हणत, लवाद स्वतःचा अधिकार स्वतःच तपासू शकतो, तेव्हा सगळंच तिकडे न्या. म्हणजे ज्याच्याकडे जायचं मी कधी कबूलच केलं नाही, त्याच्याकडे जाऊन मी सांगायचं की मी तुझ्याकडे यायचं कबूल केलं नव्हतं. वकीलसाहेबांना मी रागारागानं हे सांगितलं तेव्हा ते म्हणाले, "मी बसलोय ती खुर्ची माझी नाही, असं म्हणणारा माणूस तू पाहिलास का बेटा?"

राजुऱ्याचे न्यायाधीश तरुण होते, पुण्याकडून बदलून आलेले, सभ्य. त्यांनी पहिला रस्ता धरला. सही कोणाची आहे हे मी स्वतः बघतो, म्हणाले. याहून जास्त आम्ही काय मागणार होतो? वकीलसाहेब बाहेर येऊन म्हणाले, आता फक्त मोठेबाबांनी साहेबांपुढे सही करून दाखवायची, झालं काम.

मूळ करार कंपनीनं दाखल केला तेव्हा मी शेवटचं पान उलटलं. सही मोठेबाबांच्या नावाची नव्हतीच. सही त्यांच्या जुन्या नावाची होती.

हे नीट सांगायला हवं. आमच्या आजोबांच्या पिढीत आमच्या लोकांच्या मुलांना चांगली नावं ठेवायची सोय नव्हती. कचरा, दगड, शेण, भीक असल्या अर्थाची नावं गावानंच वस्तीवर लादली होती. देवाधर्माचं चांगलं नाव ठेवलं तर पाटलाच्या दारात बोलावून विचारत, एवढा मोठा कधी झालास. छप्पन साली मोठेबाबा सोळा-सतरा वर्षांचे होते. वस्ती चंद्रपूरला जाऊन दीक्षा घेऊन आली आणि दुसऱ्या दिवशी सगळे विहिरीवर बसले. तिथे प्रत्येकानं आपलं नवं नाव निवडलं. आणि वस्तीनं एक नियम केला: कोणाच्या तोंडून कोणाचं जुनं नाव चुकून जरी निघालं तर त्यानं त्या घरचं दिवसभराचं पाणी ओढून द्यायचं. पहिले काही महिने दोर ओढून लोकांचे दंड भरून आले म्हणतात. नवरा-बायकोंच्या भांडणात तर फार पाणी ओढलं गेलं. मग ती नावं मेली. माझ्या पिढीला ती माहीतच नव्हती. मोठेबाबांचं जुनं नाव मी सत्ताविसाव्या वर्षी कोर्टाच्या फायलीत वाचलं, आणि ते मी इथे लिहिणार नाही.

सातबाऱ्यावर मात्र ते जिवंत होतं. आजोबा दीक्षेच्या आधीच वारले, वारसाची नोंद जुन्या नावानं झाली. मोठेबाबा ती बदलायला तलाठ्याकडे गेले होते. तलाठ्यानं प्रतिज्ञापत्र मागितलं, राजपत्रात छापून आणा म्हणाला, आणि वर सगळ्यांसमोर ते नाव दोनदा मोठ्यानं वाचलं. मोठेबाबा परत आले ते पुन्हा गेले नाहीत. सरकारच्या कागदावर तो मेलेला माणूस राहू दे, शेत तर मीच वाहतो, असं म्हणाले. दलालानं सातबारा पाहिला, त्यावरचं नाव पाहिलं आणि तीच सही ठोकली. वस्तीतल्या कोणालाही विचारलं असतं तर सांगितलं असतं की हा माणूस या नावानं सही करणं शक्यच नाही. पण वस्तीची साक्ष म्हणजे वादीच्या गोतावळ्याची साक्ष. कोर्ट तिला किती मोजतं ते मला माहीत होतं.

दाव्यात आम्ही जुनं नाव शक्य तितकं मागे ठेवलं होतं. सोबतच्या उताऱ्यावरचा खातेदार तोच वादी, एवढंच लिहिलं होतं. ते मोठेबाबांना वाचून दाखवताना वकीलसाहेब त्या ओळीवरून भरभर गेले. ही त्यांची माया होती.

मोठेबाबा साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहिले. पांढरा सदरा, निळी टोपी. कंपनीच्या वकिलानं सातबारा त्यांच्या हातात दिला, हे नाव तुमचंच का, म्हणून विचारलं आणि ते नाव वाचलं. कोर्टात माणसं होती. मागच्या बाकावर कोणीतरी हसलं. मोठेबाबा म्हणाले, होतं. आता नाई. वकिलाला नेमकं हेच हवं होतं. नाव तुमचं नसेल तर शेत तुमचं कसं, आणि नाव तुमचं असेल तर सही तुमची का नाही, असं त्यानं विचारलं आणि खाली बसला. हुशार माणूस होता, त्याचा मला आजही राग येतो.

न्यायाधीशांनी मोठेबाबांना समजावून सांगितलं. या सहीची तुमच्या हस्ताक्षराशी तुलना करायची आहे. एका कोऱ्या कागदावर हे जुनं नाव पाच-सहा वेळा लिहून द्या. शिरस्तेदारानं कागद आणि पेन पुढे केलं. माझा जीव भांड्यात पडला. करारावरची सही झोकदार होती, सरावलेल्या हाताची. मोठेबाबांचं अक्षर सातवी पास माणसाचं, एकेक अक्षर सुटं, घट्ट, वर ठळक रेघ. कोणालाही दिसलं असतं की हात वेगळा आहे. पाच मिनिटांत करार खोटा ठरला असता आणि विहीर वाचली असती.

मोठेबाबांनी पेनचं टोपण काढलं. कागदाकडे पाहिलं. मग टोपण परत लावलं.

"साहेब, माह्या नावाची सही मांगा, शंभर डाव करून देतो. हे नाई लिवणार."

न्यायाधीश रागावले नाहीत. हे तुमच्याच फायद्याचं आहे, म्हणाले. नकार दिलात तर मला तुमच्याविरुद्ध अर्थ काढावा लागेल. वकीलसाहेबांनी घाईनं उठून पुढची तारीख मागितली, आणि न्यायाधीशांनी दिली. भला माणूस होता, हे मला सांगितलंच पाहिजे.

व्हरांड्यात मी मोठेबाबांवर तोंड सोडलं. वकील म्हणून नाही, घरची पोरगी म्हणून. एका नावासाठी वस्तीचं पाणी घालवता काय, मी म्हणाले. सुंभ जळला तरी पीळ जात नाही, म्हणाले. त्यांनी मला भजी घेऊन दिली.

पुढच्या तारखेआधी मी गावी गेले. मोठी आई, म्हणजे त्यांची बायको, माझ्या बाजूनं होती. लिहून टाका न एक डाव, पाण्याची गोष्ट हाय, असं ती भाकरी थापता थापता म्हणाली. वस्तीतली दोन म्हातारी माणसंही आली होती. ती कपबशी हातात घेऊन जमिनीकडे बघत राहिली. त्यांची स्वतःची नावं कुठल्या ना कुठल्या कागदावर तशीच होती, हे मला तेव्हा सुचलं नाही.

मोठेबाबांनी मग शाळेचं सांगितलं. ते शाळेत ओट्यावर, वर्गाच्या दाराबाहेर बसत. मास्तर रोज सकाळी त्यांना पाटीवर नाव लिहायला लावायचा, पाटी वर धरायला लावायचा, आणि आतली सगळी मुलं ते एका सुरात वाचायची. मग मास्तर लांबून पाणी फेकून पाटी पुसायचा, कारण हात लागला असता. सात वर्षं. मास्तर म्हणायचा, अक्षर बरं आहे तुझं, या नावाला शोभत नाही.

"त्या पाटीवर लिवाले लावत होता, आता साहेब कागदावर लिवाले लावते," मोठेबाबा म्हणाले. "पोरी, फरक काय हाय, तू वकील हायस न, सांग."

फरक होता. मी सांगूही शकले असते. साहेब त्यांना वाचवण्यासाठी मागत होता. पण मी चुलीतलं लाकूड आत सारलं, आणि मोठी आईनंही मग तो विषय काढला नाही.

पुढच्या तारखेला तो कागद पुन्हा पुढे आला आणि मोठेबाबांनी पुन्हा नाही म्हटलं. या वेळी पेनही हातात घेतलं नाही. निकाल दोन पानांचा होता. वादीनं हस्ताक्षराचा नमुना देण्यास टाळाटाळ केली, सबब करार अस्तित्वात असल्याचं सकृद्दर्शनी दिसतं, पक्षकारांनी लवादाकडे जावं. सहीच्या खरेखोटेपणासह सर्व मुद्दे लवादापुढे खुले आहेत. 'खुले' हा कोर्टाचा आवडता शब्द आहे. दार लावून घेतल्यावर तो वापरतात. मनाई हुकूम त्याच दिवशी उठला.

या हुकमावर अपील नव्हतं. आम्ही नागपूरला उच्च न्यायालयात रिट अर्ज घेऊन गेलो, आणि मी खरोखरच जीभ घरी ठेवून गेले. तिथे सांगण्यात आलं की सहीचा मुद्दा लवाद पाहू शकतो, आम्ही मध्ये पडण्याचं कारण नाही. हैदराबादला लवाद म्हणून नेमले गेले ते कंपनीचेच निवृत्त अधिकारी. चोराच्या हाती जामदारखान्याच्या किल्ल्या, दुसरं काय. वकीलसाहेबांनी त्यांना लेखी हरकत पाठवली: करार खोटा आहे, म्हणून तुम्हाला अधिकारच नाही. उत्तर आलं. हरकत तपासली, अधिकार आहे, कामकाज पुढे चालू.

काही वर्षांनी वरच्या कोर्टांचा सूर बदलू लागला. करारच नाकारला असेल तर आधी कोर्टानं स्वतः खात्री करावी, असे निकाल येऊ लागले. वकीलसाहेबांनी एक निकाल मला वाचायला दिला. मी वाचला आणि म्हटलं, आपल्या साहेबानं तर हेच केलं होतं. ते म्हणाले, हो, म्हणून तर कोणाला शिव्या द्यायच्या ते मला अजून कळत नाही.

त्याच्या कितीतरी आधी, एका पावसाळ्यात, विहीर गेली. ढीग ओला झाला आणि रात्रीतून खाली घसरला. सकाळी विहिरीच्या जागी करडा चिखल होता आणि त्यातून रहाटाचा एक खांब वाकडा बाहेर आलेला. मोठेबाबा दिवसभर तिथे उभे होते. वस्तीतलं कोणी त्यांना काही बोललं नाही. मी बोलले असते, म्हणून त्या महिन्यात मी गावी गेलेच नाही. खाणीतल्या सुरुंगांनी हापशीचं पाणी आधीच खोल गेलं होतं. पुढच्या उन्हाळ्यात ती नुसती हवा ओढू लागली.

गावानं रस्ता अडवला तेव्हा कंपनीनं टँकर सुरू केला. पाणी बाधित खातेदारांना, आणि बाधित कोण ते तलाठ्याच्या यादीवरून. टँकरवाला तेलंगणातला पोरगा होता, त्याला आमचं काहीच माहीत नव्हतं. टाकीवर उभा राहून तो यादीतली नावं मोठ्यानं वाचायचा, ज्याचं नाव त्यानं पुढे यायचं. वस्तीतल्या तीन-चार जमीनवाल्या घरांची नावं जुनीच होती. चाळीस-पंचेचाळीस वर्षांनी ती गल्लीत ऐकू आली. शाळेतल्या पोरांना ती गंमत वाटली. मोठी आई पदर डोक्यावर ओढून पुढे व्हायची आणि काही न बोलता पाणी भरून आणायची. यादी बदलून मागायला मी दोनदा तहसीलमध्ये गेले. ते म्हणाले, सातबारा बदलून आणा.

मे महिन्यात मोठी आईला ताप आला म्हणून मी गावी गेले होते. घरात पाण्याचा थेंब नव्हता. टँकरचा भोंगा वाजला तसे मोठेबाबा उठले, त्यांनी पाण्याचे दोन्ही गुंड, त्या पितळी घागरी, घेतले. मी जाते म्हटलं, तर म्हणाले, तुले नाई देणार तो, यादीतल्या घरचं मानूस पाह्यजे. मी मागे मागे गेले. ऊन मरणाचं होतं. पंधरावीस माणसं रांगेत होती, गावचीही, वस्तीचीही.

पोरानं ते नाव वाचलं. कोणी पुढे झालं नाही. त्यानं पुन्हा वाचलं. मागची माणसं चुळबुळ करू लागली. मोठेबाबांनी हात वर केला.

"हात काय दिखाते बुढा, मूं से बोलो," पोरगा म्हणाला. त्याच्या मनात वाईट काही नव्हतं. मोठी आईला तो ओळखायचा, यांना नाही; आणि रोज कोणीतरी दुसऱ्याच्या नावावर पाणी नेत होतं, म्हणून त्याला तसं सांगून ठेवलं होतं.

मोठेबाबांनी दोन्ही गुंड खाली ठेवले. डोक्यावरची टोपी काढून खिशात घातली.

"मीच हाय तो," ते म्हणाले.

नळी गुंडात सोडली गेली. मला रडू आलं, आणि इतका राग आला की कोणावर काढावा ते कळेना. एक गुंड मी उचलला, एक त्यांनी. घरी जाऊन त्यांनी मोठी आईला उठवून बसवलं आणि आधी तिला पाणी पाजलं.